सुलट-उलट : तुमचे प्रश्न, आमच्या सुया

डिसेंबर लागला की आमच्याकडे पत्रांचा ढीग पडतो, कारण नागपूरला उन्हाळ्याचं इतकं कौतुक (की शिव्या?) होतं की थंडी इथे पण पडते हे लोक विसरूनच जातात, आणि मग एक दिवस पारा धाडकन खाली येतो आणि सगळ्यांना कपाटातल्या लोकरीची आठवण होते. २०१८ च्या डिसेंबरात ३.५ अंशांवर गेला होता, आठवतं ना? त्या आठवड्यात आमच्या गल्लीत मफलर नसलेला एक माणूस दिसला नाही. असो. यंदा बरेच प्रश्न वेण्या आणि उठावदार नक्षीच्या स्वेटरबद्दल आहेत, म्हणून हा अंक त्यावरच.

प्रश्न : ताई, माझा मुलगा आयर्लंडला गॉलवेत नोकरीला आहे. दिवाळीत आला तेव्हा माझ्यासाठी दुधाळ रंगाचा जाडजूड स्वेटर घेऊन आला, त्यावर वेण्या, शंकरपाळे, मधमाशांच्या पोळ्यासारखी नक्षी, फार सुंदर. सोबत एक कार्ड होतं, त्यात लिहिलंय की तिथे प्रत्येक घराण्याची वेगळी नक्षी असते आणि कोळी समुद्रात बुडाला तर स्वेटरवरून त्याची ओळख पटायची. मी तर वाचून रडलेच. आमचे हे म्हणून राहिले की ही सगळी दुकानदारी आहे. खरं काय ते सांगा ना. आणि आपल्या आडनावाची अशी नक्षी काढता येईल का?
*— मानेवाडा*

उत्तर : तुमच्या ह्यांना आज एक कप चहा जास्त द्या, ते बरोबर आहेत. पण तुमचं रडणं पण अगदी वाया गेलं नाही, कारण ह्या गोष्टीच्या मुळाशी खरंच एक रडवणारा प्रसंग आहे, फक्त तो नाटकातला आहे. जॉन मिलिंग्टन सिंज ह्या आयरिश नाटककाराचं 'रायडर्स टू द सी' हे नाटक १९०४ मध्ये डब्लिनला रंगमंचावर आलं, ते घडतं पश्चिम आयर्लंडच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर. त्यात बुडालेल्या भावाला बहीण ओळखते, पण स्वेटरवरून नाही, पायमोज्यावरून. आणि नक्षीवरून तर नाहीच नाही! ती टाके मोजते, तिला आठवत असतं की ह्या मोज्याला आपण साठ टाके घातले होते आणि त्यातले चार गाळले होते. म्हणजे बघा, तिने घराण्याची खूण नाही ओळखली, स्वतःच्या हातचं काम ओळखलं. आपल्यातली कुठलीही विणणारी बाई हे करू शकते, माझ्या आईने विणलेला स्वेटर मी आजही दहा स्वेटरांतून काढून दाखवेन कारण तिचा उलट टाका कायम ढिला पडायचा.

घराण्यांची भानगड नंतरची. तुमचा स्वेटर ॲरन पद्धतीचा आहे, गॉलवेच्या उपसागरात ॲरनची तीन बेटं आहेत, इनिशमोर, इनिशमान आणि इनिशीर. तिथली माणसं फार गरीब, खडकावर समुद्री शेवाळ आणि वाळू पसरून त्याची माती करून बटाटे लावणारी. १८९१ मध्ये सरकारने आयर्लंडच्या पश्चिमेकडच्या अशा गरीब भागांसाठी एक मंडळ काढलं, मासेमारी आणि घरगुती उद्योगांना हात द्यायला, आणि ह्या वेण्यावेण्यांच्या जड स्वेटरची पद्धत साधारण त्याच्या पुढेमागे, विसावं शतक उजाडताना रुळली. म्हणजे हजार वर्षांची वगैरे परंपरा नाही, आपल्या पणजीच्या काळातली गोष्ट. मग १९३० च्या दशकात हाइन्झ एडगर कीव नावाच्या, ऑक्सफर्डला लोकरीचं दुकान असलेल्या गृहस्थांना डब्लिनमध्ये असा एक स्वेटर मिळाला, आणि त्यांनी त्याचा संबंध थेट जुन्या ख्रिस्ती हस्तलिखितांतल्या गाठीगाठींच्या चित्रांशी जोडला. पुढे वेणी म्हणजे कोळ्याचा दोर, शंकरपाळा म्हणजे शेत, पोळं म्हणजे कष्ट असे अर्थ सगळीकडे रूढ झाले आणि पर्यटकांच्या दुकानात आडनावं पण चिकटली. विकायला बरं पडतं ना.

आता तुम्ही म्हणाल की मग खरं काहीच नाही का. आहे ना! खरी गोष्ट ॲरनच्या आधीची आहे, इंग्लंड-स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरच्या कोळ्यांच्या स्वेटरची, त्याला तिकडे गॅन्झी म्हणतात. हा शब्द आला गर्न्सी बेटाच्या नावावरून, इंग्लंड आणि फ्रान्सच्या मधल्या समुद्रात आहे ते. शेजारचं बेट जर्सी. म्हणजे आपली पोट्टी क्रिकेट खेळताना घालतात ती जर्सी, गोठ्यातली जर्सी गाय आणि आपले आजोबा बनियानला गंजीफ्रॉक म्हणायचे तो गंजीफ्रॉक (गर्न्सी फ्रॉकच तो!), सगळं त्या दोन टिचभर बेटांवरून आलेलं. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा मी वाळत घातलेल्या गंजीकडे जरा आदराने बघितलं होतं.

तर ही गॅन्झी बहुतेक गडद निळी, पाच पदरी घट्ट पिळाच्या लोकरीची आणि इतकी आवळून विणलेली की इंचाला सात-आठ टाके, वारा आत शिरत नाही आणि पाण्याचे शिंतोडे वरच्यावर राहतात. नक्षी बहुतेक फक्त सुलट-उलट टाक्यांची, शिड्या, नागमोडी रेघा, माशाच्या काट्यासारखी वीण, मधेमधे दोरासारखी वेणी, आणि तीही जास्त करून छातीवर. का? नक्षीत लोकर जास्त जाते, कापड जाड होतं, उबेची हवा अडकून राहते, आणि ऊब छातीलाच हवी असते. खालचा भाग साधा, कारण तो लवकर झिजतो, आणि साधा असला की उसवून परत विणायला सोपा. ओळख पटायची खूण म्हणाल तर काही गॅन्झींवर किनारीच्या जरा वर मालकाच्या नावाची आद्याक्षरं विणलेली असत, संपला विषय. आणि गावागावाची नक्षी म्हणाल तर हेरिंग मासे साफ करणाऱ्या स्कॉटिश मुली माशांच्या हंगामासोबत वर शेटलंडपासून खाली यार्मथपर्यंत किनाऱ्याकिनाऱ्याने जायच्या, हातातलं काम थांबलं की विणायच्या, एकमेकींचं बघून उतरवायच्या. आपण लग्नात दुसरीच्या स्वेटरकडे टक लावून बघतो आणि घरी येऊन करून बघतो तसंच की हे. मग गावाची म्हणून नक्षी गावात राहील कशी?

तुमच्या आडनावाची नक्षी हवी असेल तर खुशाल बनवा, पोरासाठी विणा, किनारीच्या वर त्याचं आद्याक्षर घाला. ती परंपरा खरी आहे.

प्रश्न : मी ह्यांच्यासाठी ४ प्लायच्या लोकरीचा हाफ स्वेटर घेतला करायला. १० नंबरच्या सुया, पाठ साधी, ११० टाके, बरोबर बसली. पुढच्या भागाला पण ११० च टाके आणि त्यात पाच वेण्या टाकल्या तर पुढचा भाग पाठीपेक्षा जवळजवळ दोन इंच अरुंद झाला! काहून असं झालं? मुंढ्यापर्यंत आली आहे, उसवायचा जीव नाही होऊन राहिला.
*— नंदनवन*

उत्तर : अहो वेणी म्हणजे काय, तीन टाके दुसऱ्या तीन टाक्यांच्या डोक्यावर चढवतो आपण. सहा टाक्यांची जागा तीन-चार टाक्यांत आवळली जाते, मग कापड आखडणारच. डोक्यावरच्या केसांचं बघा, मोकळे किती पसरतात आणि वेणी घातली की किती होतात. दर सहा टाक्यांच्या वेणीमागे दोनेक टाके जास्तीचे धरायचे, तुमच्या पाच वेण्या म्हणजे दहा टाके. तुमच्या पाठीच्या हिशोबाने १० सेंटिमीटरला २२ टाके येत असतील तर दहा टाके म्हणजे साडेचार सेंटिमीटर, पावणेदोन इंच. तुमचे दोन इंच गेले कुठे ते कळलं ना!

हे दहा टाके सुरुवातीला घालायचे नाहीत, नाहीतर किनार झालरीसारखी फुलते. किनार ११० वरच करायची आणि तिच्या शेवटच्या ओळीत, जिथे वेणी उभी राहणार आहे नेमक्या तिथे वाढवायचे. खांद्याला बंद करताना त्याच जागी दोन-दोन एकत्र घेऊन परत कमी करायचे. आणि हे सगळं कळण्यासाठी आधी वेणीसकट सॅम्पल विणावं लागतं, साध्या विणीचं सॅम्पल बघून वेण्यांचा स्वेटर नाही होत. सॅम्पल धुवून वाळवून मोजायचं. मला माहिती आहे कोणी करत नाही. मी पण वीस वर्षं नाही केलं आणि वीस वर्षं उसवलं.

आता तुमचं काय करायचं. उसवू नका. दोन्ही बाजूंना काखेपासून किनारीपर्यंत एकेक इंचाची पट्टी साबुदाण्याच्या विणीत करून शिवून घ्या (एक सुलट एक उलट, आणि पुढच्या ओळीत सुलटवर उलट, उलटवर सुलट). ही वीण गुंडाळत नाही, सपाट राहते, आणि बघणाऱ्याला वाटतं डिझाईनच आहे. ह्यांना सांगायची काही गरज नाही.

जाता जाता, वेणीच्या पिळाबद्दल पण दोघींनी विचारलंय. जास्तीच्या सुईवर घेतलेले तीन टाके पुढे धरले तर पीळ डावीकडे झुकतो, मागे धरले तर उजवीकडे. एका वेणीत मधेच बदललं की ती दोरासारखी न दिसता सापासारखी दिसते, त्यात पण मजा आहे पण ठरवून करा. जास्तीची सुई नसली तर सायकलची स्पोक चालते, टोक तेवढं घासून घ्या.

प्रश्न : सासूबाईंनी विणलेला खऱ्या लोकरीचा स्वेटर आहे, चाळीस वर्षं तरी झाली असतील. बाकी सगळा धड आहे पण बाह्यांची मनगटं पार विरली. मी खालून उसवायला गेले तर उसवेच ना, गुंताच होऊन राहिला.
*— महाल*

उत्तर : कारण आपल्याकडे बाही मनगटापासून वर विणत जातात आणि विणकाम शेवट केला तिकडूनच सरळ उसवतं, सुरुवातीकडून नाही. वर सांगितलेल्या त्या गॅन्झीत इथेच खरी अक्कल आहे. तिची बाही खांद्यावरून टाके उचलून खाली मनगटाकडे विणतात, म्हणजे मनगट विरलं की बंद केलेला टाका सोडायचा, सर्रकन उसवायचं, नवीन लोकर जोडायची आणि परत विणायचं. खांद्याला, छातीच्या नक्षीला धक्का लागत नाही. माझ्या मते ह्या स्वेटरांची सगळ्यात शिकण्यासारखी गोष्ट ही आहे, ती घराण्यांची कहाणी नाही. पुढचा स्वेटर कराल तेव्हा बाही वरून खाली करून बघा, काखेत एक शंकरपाळ्याच्या आकाराचा तुकडा पण विणतात ते, त्याने हात वर केला तरी स्वेटर वर चढत नाही.

सासूबाईंच्या स्वेटरचं असं करा. मनगटाच्या पट्टीच्या दोन-तीन ओळी वर, साध्या विणीत, एकच धागा मधोमध कापा. कापताना छाती धडधडते, साहजिक आहे. मग तो धागा सुईच्या टोकाने एकेक टाका सोडवत दोन्ही बाजूंना काढत जा, खालचं मनगट सुटून हातात येईल आणि वर मोकळे टाके दिसतील, ते लगेच बारीक सुईवर घ्या. आता खाली विणत जा, दोन सुलट दोन उलट, १२ नंबरच्या सुयांनी. रंग जुळणार नाही, चाळीस वर्षांच्या रंगाला कोण जुळणार. जवळचा शोधत बसू नका, सरळ वेगळा गडद रंग घ्या आणि गळ्याला पण तोच करा. सुटलेली जुनी लोकर फेकू नका, लडी करून कोमट पाण्यात भिजवून टांगून ठेवा, कुरळेपणा जातो, कोपराला रफू करायला होईल.

प्रश्न : दुकानदाराने शुद्ध लोकर म्हणून दिली, स्वेटर विणला, नक्षी छान उठली होती, इस्त्री केली आणि सगळं चपटं झालं, पोळी लाटल्यासारखं. फसवलं ना मला?
*— धरमपेठ*

उत्तर : हो, फसवलं, ते ॲक्रिलिक होतं. वाफेच्या उष्णतेने ॲक्रिलिकचा जीवच जातो आणि मग काही केल्या परत येत नाही. खरी लोकर असती तर ओली करून हाताने वेण्या चिमटून परत उठवता आली असती. अर्थात नक्षीच्या स्वेटरवर इस्त्री कशालाच करायची नाही, ओला असताना टॉवेलवर पसरून आकार द्यायचा, बस. पुढच्या वेळी दुकानातून धाग्याचं एक टोक आणून घरी जाळून बघा (ताटलीवर धरून, पदर सांभाळून). लोकर केस जळल्यासारखी वास मारते आणि राख बोटाने चुरते, ॲक्रिलिक वितळून कडक मणी होतो.

तरी एक सांगते, ॲक्रिलिकला मी नाक मुरडत नाही. आपली थंडी दोन-अडीच महिन्यांची, सकाळी फुटाळ्यावर फिरताना कुडकुडायला होतं आणि दुपारी बारा वाजता स्वेटर काढून कमरेला बांधावा लागतो. लहान पोरांना, रोज धुवायला, ॲक्रिलिक ठीक आहे, कसर पण लागत नाही. पण आठ-दहा दिवस रात्री जागून वेण्या घालणार असाल तर त्या कष्टाला खरी लोकर द्या. आणि ती ठेवताना धुवून, उन्हात वाळवूनच ठेवा, कसरीच्या अळ्यांना घामाचे-तेलाचे डाग फार आवडतात.

प्रश्न : रेल्वेतून रिटायर झालो. बायको गेल्यावर तिच्या सुया-लोकर तशीच पडून आहे. मला शिकायचंय पण सून हसते. पुरुषांनी विणलेलं चालतं का जी?
*— अजनी*

उत्तर : काका, पेरू देशात टिटिकाका सरोवरात ताकिले नावाचं बेट आहे, तिथे टोप्या पुरुषच विणतात, लहानपणापासून शिकतात, आणि तिथल्या विणकामाला २००५ मध्ये युनेस्कोने मानवजातीचा वारसा म्हणून मान दिला. सुनेला हे वाचून दाखवा. वहिनींच्या सुयांतली ८ नंबरची जोडी शोधा (नंबर जितका लहान तितकी सुई जाड), वीस टाके घाला आणि नुसतं सुलट-सुलट विणत मफलर करा. टाका सुटला तर घाबरू नका, क्रोशाच्या सुईने खालून पायरी-पायरीने वर आणता येतो. अडलात तर मफलर घेऊनच या, दर शनिवारी दुपारी आम्ही चारपाच जणी ऑफिसच्या व्हरांड्यात बसतो, एक खुर्ची जास्तीची टाकून ठेवते.