महाकाय कुत्रा आणि घरचे येणे-जाणे

ग्रेट डेन जातीचा आपला कुत्रा मोठा झाल्यापासून पाहुण्यांनी घरी येणे सोडले आणि लग्नकार्याला जायचे तर घरातल्या एकाला मागे राहावे लागते, असे आपण लिहिले आहे. यातून मार्ग निघतो. मात्र सुरुवात पाहुण्यांची समजूत घालण्यापासून नव्हे, कुत्र्याच्या सवयींपासून करावी लागते. ‘तो काही करत नाही’ असे सांगून कोणाची भीती जात नाही, आणि ते पूर्ण खरेही नाही. खांद्यापाशी अडीच फूट उंच, ६०-७० किलोंचा प्राणी निव्वळ प्रेमाने अंगावर आला तरी म्हातारे माणूस पडू शकते.

बेल वाजली की कुत्र्याला मागच्या खोलीत कोंडायचे, हा सर्रास केला जाणारा उपाय मला अजिबात पटत नाही. पाहुणे आले की आपली रवानगी होते, एवढेच तो त्यातून शिकतो आणि दर वेळी अधिक भुंकतो. त्याऐवजी कोणी येणार नसतानाही रोज थोडा वेळ, चघळायला काहीतरी देऊन, त्याला त्या खोलीत शांत बसण्याची सवय लावावी. नागपूरच्या मे महिन्यात मात्र तिथे स्वतंत्र कूलर हवाच. पारा ४५ अंशांकडे सरकत असताना त्याला बैठकीतल्या कूलरसमोरून उठवून बंद खोलीत नेणे क्रूरपणाचे आहे. घाबरणाऱ्या पाहुण्याशी पहिली भेट घराबाहेर, पट्टा लावून, सकाळी लवकर सेमिनरी हिल्सच्या रस्त्याने सोबत चालताना घडवावी.

एक गोष्ट विशेष कळकळीने सांगतो. पाहुण्यांपूर्वी भरपेट खाऊ घातले की कुत्रा सुस्तावतो, असे आपल्याला अनेक जण सांगतील. ते कृपया ऐकू नये. खोल छातीच्या मोठ्या जातींमध्ये पोटात वायू साचून जठराला पीळ पडण्याचा धोका असतो आणि तो काही तासांत जिवावर बेततो, म्हणून जेवण आणि धावपळ यांत पुरेसे अंतर ठेवावे. पोट तट्ट फुगले आणि उमासे येऊनही काहीच बाहेर पडत नसेल, तर पाहुण्यांना तसेच सोडून ताबडतोब दवाखाना गाठावा. कोणाला त्याला तर्री-पोहेही भरवू देऊ नयेत. कांद्याने कुत्र्यांच्या रक्तातील तांबड्या पेशी नष्ट होतात.

लग्नकार्यासाठी, कुत्र्याचे वजन पट्ट्यावर सांभाळू शकेल असा नात्यातला किंवा शेजारचा माणूस आधीपासून हाताशी धरावा. त्याच्या हातचे खाणे आणि त्याच्याबरोबर फिरणे अंगवळणी पडले की प्रथम एकच रात्र बाहेर राहून पाहावे, मग दोन दिवसांचे आमंत्रण स्वीकारावे, आणि निघताना डॉक्टरांचा नंबर व पोट फुगण्याची वरील लक्षणे त्याला लिहून द्यावीत.