व्हिएतनाममधल्या ‘सा पा’ (Sa Pa) या डोंगराळ गावी दोन दिवसांचा गाइडसोबतचा ट्रेक करायचाय, कधी जावं?

सप्टेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात जा. थंडीमुळे तिथे भाताचं वर्षाला एकच पीक निघतं आणि तेव्हा मुओंग होआ खोऱ्यातली पायऱ्यापायऱ्यांची खाचरं पिवळीधमक होतात. मे-जूनमध्ये लावणीसाठी साठवलेलं पाणी चमकतं, तेही सुंदरच. हनोईहून बसने पाच-सहा तास. लाओ चाय गावावरून चालत ता वान गावात कुणाच्या तरी घरी मुक्काम करा. गाइड शक्यतो तिथल्याच ह्मोंग जमातीची बाई घ्या. कापड निळीत बुडवून बुडवून या बायकांची बोटं निळी झालेली असतात. निसरड्या बांधावर पाय कुठे टाकायचा हे त्यांच्याइतकं कुणाला कळत नाही. बुटांना चांगली पकड हवीच. शाकाहारी असाल तर फिश सॉस नको असं आधीच सांगा, तो साध्या भाजीतही घालतात.