मोठी दुर्घटना घडते तेव्हा रेडिओच्या वृत्त विभागातले लोक ताण कसा सांभाळतात?

दीर्घ श्वसन वगैरे सुट्टीच्या दिवशी. बातमीपत्राला पाऊण तास उरलेला असताना डोकं ताळ्यावर ठेवतात ते नीट लावलेले कागद. एक बातमी, एक पान, एकाच बाजूला, मोठ्या अक्षरात, पिना न मारता. कोपऱ्यात वेळ आणि माहिती कोणी दिली ते. नवा आकडा आला की जुनं पान फाडायचं. नुसतं बाजूला सारलं तर नेमकं तेच वाचलं जातं. शेवटच्या दोन बातम्या गाळल्या तरी चालतील अशा ठेवायच्या. आपत्ती नियंत्रण कक्षाला फोन एकानेच करायचा, आणि तो वृत्तनिवेदकाने नव्हे.

सगळ्यात छळतो मृतांचा आकडा. पोलीस बारा म्हणतात, रुग्णालय सतरा. बेरीज करू नका, जखमीला दुसरीकडे हलवलं की तो दोन याद्यांत येतो. 'पोलिसांच्या माहितीनुसार किमान बारा', बस. मदत क्रमांक आधी स्वतः लावून पाहायचा, मग एकेक अंक सुटा करून दोनदा वाचायचा.

२६ जुलै २००५ घ्या. सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर, कुलाब्याला जेमतेम ७४. आकाशवाणी चर्चगेटला, आमदार निवासाजवळ. खिडकीतून दिसणारा पाऊस नेहमीचा आणि तिकडे कुर्ला-कलिना पाण्याखाली! लोकल बंद, म्हणजे पुढच्या पाळीची माणसं येणार नाहीत हे धरूनच चालायचं. अशा रात्री आहेत त्यांना आळीपाळीने दोन तास सक्तीने झोपवायचं. दोन दिवसांनी जुहूच्या नेहरूनगरात अफवेमुळे चेंगराचेंगरी होऊन माणसं मेली. म्हणून 'धरण फुटल्याचं वृत्त खोटं आहे' असं कधीही लिहू नका, अर्धवट ऐकणाऱ्याला पहिले दोनच शब्द ऐकू येतात. 'धरण शाबूत आहे' लिहा.

'आधी देऊन टाका, मग दुरुस्त करू' म्हणणाऱ्या साहेबांशी माझं कधी पटलं नाही, आजही पटणार नाही. बातमी ऐकून घराबाहेर पळालेला माणूस दुरुस्ती ऐकायला सेटपाशी परत येत नाही, साहेब.

हे सगळं लिहून वाचल्या जाणाऱ्या बातमीपत्रांबद्दल. खासगी एफएमला स्वतःच्या बातम्या द्यायची परवानगीच नाही, त्यामुळे तिथलं गणित वेगळं. आणि तुम्ही मनावरच्या ताणाबद्दलच विचारत असाल तर एवढंच: ज्याने आज मृतांच्या नावांची यादी टाइप केली, त्याला उद्या हवामान द्या.