लायब्ररीत नाव, डिस्कवर गेम: स्टीमबद्दल वाचकांचे प्रश्न

या महिन्यात आलेली बहुतेक पत्रं स्टीम या गेम विकणाऱ्या आणि चालवणाऱ्या सॉफ्टवेअरच्या लायब्ररीबद्दल, म्हणजे त्यातल्या तुमच्या गेमच्या यादीबद्दल आहेत. उत्तरांआधी एक गोष्ट सांगायला हवी, कारण पत्रांतल्या बऱ्याच अडचणी तिथूनच सुरू होतात. लायब्ररीत दिसणारं नाव म्हणजे तुमच्या खात्यावरचा परवाना. गेमच्या फाइली असतात डिस्कवर. आणि तुमचा खेळ कुठवर आला याची नोंद, म्हणजे सेव्ह, बहुतेक वेळा तिसरीकडेच असते. यातलं एक उडालं म्हणून बाकीचं उडत नाही, आणि एक उचलून नेलं म्हणून बाकीचं मागोमाग येत नाही.

प्रश्न: माझे काही गेम जीओजी या दुसऱ्या ऑनलाइन दुकानातून विकत घेतलेले आहेत, काही एपिक या दुकानातून फुकट मिळालेले. सगळे एकाच यादीत दिसावेत म्हणून ते स्टीममध्ये जोडले. जीओजीचे नीट चालतात. एपिकचे चालू होतात, पण शिफ्ट-टॅब दाबल्यावर स्टीमचा ओव्हरले (चालू गेमवर उघडणारी स्टीमची खिडकी) येत नाही आणि कंट्रोलरची सेटिंगही लागू होत नाहीत. कुठे चुकतंय? (नाशिक)

जोडण्याची पद्धत तुम्हाला जमली आहेच, इतरांसाठी थोडक्यात सांगतो. लायब्ररीत डावीकडे खाली 'ॲड अ गेम' असतं. त्यातून 'ॲड अ नॉन-स्टीम गेम' निवडा. यादीत गेम दिसला नाही तर 'ब्राउझ' करून त्याची एक्सई, म्हणजे गेम सुरू करणारी फाइल दाखवा आणि 'ॲड सिलेक्टेड प्रोग्रॅम्स' दाबा.

तुमची अडचण पुढची आहे. तुम्ही दाखवलेली एक्सई स्टीम चालवतं आणि त्या प्रोग्रॅमला आपला ओव्हरले जोडतं. जीओजीच्या गेमना लाँचर, म्हणजे गेम सुरू करून देणारं दुकानाचं सॉफ्टवेअर, लागत नाही, म्हणून तिथे काही अडत नाही. एपिकचे अनेक गेम मात्र सुरू होताच एपिकचा लाँचर शोधतात, स्वतः बंद होतात, आणि मग लाँचर त्यांना नव्याने सुरू करतो. स्टीमच्या लेखी गेम तेवढ्यातच संपलेला असतो. पडद्यावर जे चालू आहे, त्याच्याशी स्टीमचा संबंधच उरत नाही.

यावर उपाय असा: गेमऐवजी एपिकचा लाँचरच नॉन-स्टीम गेम म्हणून जोडा. खेळण्याआधी घड्याळाजवळच्या ट्रेमधून एपिक पूर्ण बंद करा, मग स्टीममधून लाँचर सुरू करा आणि लाँचरमधून गेम. एपिक मागे आधीच चालू असेल तर हे जमत नाही, कारण स्टीमने सुरू केलेली दुसरी प्रत काम पहिलीकडे सोपवून लगेच बंद होते. एवढं करूनही ओव्हरले आला नाही, तर तो गेम सरळ एपिकमधूनच खेळा, जास्त झटू नका.

एक्सई निवडतानाही थोडं बघा. अनरियल इंजिन या गेम बनवण्याच्या सॉफ्टवेअरवर बनवलेल्या गेमच्या मुख्य फोल्डरमध्ये जी छोटी एक्सई दिसते, तिचं काम फक्त खऱ्या गेमला उठवण्याचं असतं. खरी एक्सई आतल्या 'बायनरीज' फोल्डरमधल्या 'विन६४'मध्ये असते आणि तिच्या नावाच्या शेवटी सहसा 'शिपिंग' असतं. ओव्हरले रुसत असेल तर ती जोडून पाहा. एक्सबॉक्स ॲपमधून घेतलेले गेम मात्र विंडोजने कुलूपबंद ठेवलेल्या फोल्डरमध्ये असू शकतात. ते तिथूनच चालवलेले बरे.

असा जोडलेला गेम म्हणजे नुसता शॉर्टकट. त्याला स्टीमचे अपडेट, अचीव्हमेंट, क्लाउड सेव्ह (इंटरनेटवर ठेवलेले सेव्ह) यांतलं काही मिळत नाही, आणि दुसऱ्या कॉम्प्युटरवर लॉगिन केल्यावर तो तिथे आपोआप येतही नाही. हे सगळे शॉर्टकट स्टीमच्या 'युजरडेटा' फोल्डरमध्ये, तुमच्या खात्याच्या क्रमांकाच्या फोल्डरमधल्या 'कॉन्फिग'मध्ये एका फाइलमध्ये असतात. तिचं नाव 'शॉर्टकट्स', एक्स्टेन्शन व्हीडीएफ. शेजारच्या 'ग्रिड' फोल्डरमध्ये तुम्ही लावलेली चित्रं असतात. विंडोज नव्याने टाकण्याआधी अख्खं 'युजरडेटा' बाजूला कॉपी करून ठेवा, म्हणजे पुन्हा एकेक गेम जोडत बसावं लागणार नाही. करड्या चौकटीऐवजी मुखपृष्ठ हवं असेल तर ६०० बाय ९०० पिक्सेलचं उभं चित्र घ्या आणि गेमवर राइट क्लिक करून 'मॅनेज'मधून 'सेट कस्टम आर्टवर्क' निवडा.

फक्त एकत्रित यादीच हवी असेल, ओव्हरलेची गरज नसेल, तर विंडोजवरचं प्लेनाइट हे मोफत आणि मुक्तस्रोत सॉफ्टवेअर जास्त सोयीचं आहे. स्टीम, एपिक, जीओजी या खात्यांना जोडलं की न उतरवलेले गेमही ते यादीत दाखवतं आणि सुरू करताना ज्याच्या त्याच्या लाँचरकडे पाठवतं.

प्रश्न: हॉस्टेलवर मित्राने ९० जीबीचा गेम उतरवला आहे. तोच गेम मीही विकत घेतला. आमच्या कनेक्शनला महिन्याची मर्यादा आहे. पुन्हा पूर्ण डाउनलोड टाळता येईल का? (पुणे)

येईल, आणि दोन रस्ते आहेत. परवाना तुमच्या खात्यावर आहे, म्हणजे फाइली कुठूनही आल्या तरी चालतात.

पहिला रस्ता स्टीमनेच २०२३ साली दिला. दोघांनी 'सेटिंग्ज'मध्ये 'डाउनलोड्स' उघडा आणि लोकल नेटवर्कवरून गेमच्या फाइली पाठवण्याची सोय सुरू करा. मित्र तुमच्या स्टीमच्या मित्रयादीत हवा, आणि त्याच्याकडे ही सोय मित्रांसाठी खुली केलेली हवी. ती फक्त स्वतःच्या खात्यापुरती असेल तर तुम्हाला काहीच मिळणार नाही. त्याचं स्टीम ऑनलाइन ठेवा, पण त्यावर त्या वेळी गेम किंवा डाउनलोड चालू नको. मग तुम्ही नेहमीसारखं 'इन्स्टॉल' दाबा. डाउनलोडच्या पानावर फाइली स्थानिक नेटवर्कवरून येत असल्याचं दिसेल. गिगाबिट केबलवर सेकंदाला साधारण १०० एमबीचा वेग मिळाला तर ९० जीबीला पंधरा मिनिटं पुरतात. वायफायवर किंवा जुन्या हार्डडिस्कवर बराच जास्त वेळ लागेल.

हॉस्टेलच्या वायफायवर हे पुष्कळदा अडतं. तिथल्या राउटरवर एका ग्राहकाचं यंत्र दुसऱ्याला दिसू नये अशी सेटिंग असते. तेव्हा दोन्ही कॉम्प्युटर एखाद्या साध्या स्वतःच्या राउटरला केबलने जोडा आणि इंटरनेट मोबाइलच्या यूएसबी टेथरिंगवरून घ्या. परवाना तपासायला थोडंच इंटरनेट लागतं. पण मित्राची प्रत जुनी असेल तर फरकाच्या फाइली इंटरनेटवरूनच येतील, म्हणून आधी त्याला अपडेट करायला सांगा.

दुसरा रस्ता बाहेरच्या डिस्कचा. मित्राच्या स्टीमच्या फोल्डरमधल्या 'स्टीमॲप्स'मधल्या 'कॉमन' फोल्डरातून त्या गेमचं फोल्डर कॉपी करा आणि आपल्या 'कॉमन'मध्ये त्याच नावाने ठेवा. एका अक्षराचाही फरक नको. त्यानंतरच 'इन्स्टॉल' दाबा आणि तीच ड्राइव्ह निवडा. असलेल्या फाइली स्टीमला सापडतात, तो त्या तपासतो आणि कमी पडेल तेवढंच उतरवतो. क्रम उलटा केलात तर स्टीम रिकाम्या फोल्डरमध्ये पूर्ण डाउनलोड सुरू करतं. पेन ड्राइव्ह फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला असेल तर ४ जीबीहून मोठी फाइल त्यावर बसत नाही. एनटीएफएस किंवा एक्सफॅट करून घ्या.

वेगाचा हिशेब पुष्कळांचा चुकतो, म्हणून जाता जाता तोही सांगतो. कंपनी वेग मेगाबिटमध्ये सांगते, स्टीम सहसा मेगाबाइटमध्ये दाखवतं. १०० एमबीपीएसच्या लाइनवर स्टीममध्ये सेकंदाला १२ एमबीच्या आसपास आकडा दिसला तर लाइन अगदी ठीक आहे.

प्रश्न: सी ड्राइव्ह भरली म्हणून एका गेमचं फोल्डर कट करून डी ड्राइव्हवर नेलं. आता स्टीममध्ये त्या गेमवर पुन्हा 'इन्स्टॉल' दिसतंय. (कोल्हापूर)

काही गमावलेलं नाही. कुठला गेम कुठे आहे हे स्टीम 'स्टीमॲप्स'मधल्या 'ॲपमॅनिफेस्ट' नावाच्या छोट्या फाइलींवरून ओळखतं. फोल्डर हाताने हलवलं की ही नोंद जुन्याच जागी राहते.

'सेटिंग्ज'मध्ये 'स्टोरेज' उघडा आणि वरच्या यादीतून डी ड्राइव्ह जोडा. डीवर 'स्टीमलायब्ररी' नावाचं फोल्डर तयार होईल. त्यातल्या 'स्टीमॲप्स'मधल्या 'कॉमन'मध्ये तुमचं फोल्डर ठेवा, मग 'इन्स्टॉल' दाबून डी निवडा. पुढच्या वेळी हात न लावता गेमच्या 'प्रॉपर्टीज'मधून 'इन्स्टॉल्ड फाइल्स' आणि तिथून 'मूव्ह इन्स्टॉल फोल्डर' वापरा. एकदम अनेक गेम हलवायचे तर 'स्टोरेज'च्या पानावर खुणा करून एकत्र हलवता येतात. हलवणं मध्येच तुटलं, वीज गेली, तर 'व्हेरिफाय इंटेग्रिटी ऑफ गेम फाइल्स' चालवा. ते बिघडलेल्या फाइलीच नव्याने आणतं.

डी ड्राइव्ह फिरत्या तबकडीची हार्डडिस्क असेल तर सगळेच गेम तिथे नेऊ नका. स्टारफील्डसारख्या गेमच्या किमान गरजांतच १२५ जीबी जागा आणि एसएसडी (फिरती तबकडी नसलेली वेगवान डिस्क) लिहिलेलं आहे. असे गेम हार्डडिस्कवर अडखळतात. जुने आणि लहान गेम खुशाल न्या. आणि ड्राइव्ह काठोकाठ भरू नका. अपडेट छोटा असला तरी स्टीम बदललेल्या मोठ्या फाइली आधी नव्याने बांधतं आणि मग जुन्या काढतं. त्यामुळे २ जीबीच्या अपडेटला कितीतरी जास्त मोकळी जागा लागू शकते. 'नॉट इनफ डिस्क स्पेस' हा संदेश बहुधा याचमुळे येतो.

प्रश्न: मुलगा १६ वर्षांचा, मुलगी १३ वर्षांची. दोघं एकाच स्टीम खात्यावर खेळतात, एकमेकांचे सेव्ह पुसतात आणि भांडतात. प्रत्येकाला सगळे गेम दोनदा घेऊन द्यावे लागतील का? (डोंबिवली)

नाही, ताई. तिघांची तीन वेगळी खाती काढा. स्टीमच्या खात्यासाठी किमान वय १३ आहे, ते दोघांचंही भरतं. मग तुमच्या खात्यातून 'स्टीम फॅमिलीज'मध्ये कुटुंब तयार करा आणि मुलांना 'चाइल्ड' म्हणून जोडा. एका कुटुंबात जास्तीत जास्त सहा जण बसतात. सगळ्यांचे गेम एका सामाईक यादीत दिसतात, पण सेव्ह आणि अचीव्हमेंट ज्याचे त्याच्याकडे राहतात. जुन्या खात्यातले गेम नव्या खात्यावर हलवता येत नाहीत, म्हणून ते खातंही कुटुंबात ठेवा. ते मुलालाच दिलंत तर त्याचे जुने सेव्हही टिकतील.

एका गेमची एकच प्रत असेल तर तो एका वेळी एकालाच खेळता येतो. मुलगा एक गेम खेळत असताना मुलीला त्याच यादीतला दुसरा खेळता येतो. दोघांना एकत्र खेळायचा गेम असेल तर त्याच्या मात्र दोन प्रती लागतात. काही गेम सामाईक होतच नाहीत, ज्यांना वेगळ्या कंपनीचं खातं किंवा वर्गणी लागते ते विशेषतः. विकत घेण्याआधी दुकानातल्या पानावर उजवीकडे 'फॅमिली शेअरिंग' लिहिलंय का ते बघून घ्या.

मुलांना कुठले गेम दिसावेत, रोज किती वेळ आणि कुठल्या तासांत खेळावं, हे पालक म्हणून तुम्हाला ठरवता येतं. मुलांनी खरेदीची विनंती पाठवली की ती तुमच्याकडे मंजुरीला येते.

दोन गोष्टींत मात्र सावध राहा. तुमच्या प्रतीवर खेळताना कुणी चीट वापरून बंदी ओढवून घेतली, तर त्या गेममध्ये तुमच्या खात्यावरही बंदी येऊ शकते. आणि ही सोय एका घरात राहणाऱ्यांसाठी आहे. रिकामी झालेली जागा वर्षभर भरता येत नाही, तेव्हा मित्राला किंवा दुसऱ्या गावच्या भावंडाला हौसेने आत घेऊ नका.

प्रश्न: एका वेबसाइटवरून स्वस्तात गेमची की (स्टीममध्ये टाकायचा कोड) घेतली. टाकल्यावर ती आधीच वापरलेली असल्याचं दिसतं. स्टीम पैसे परत देईल का? (मडगाव)

देणार नाही. १४ दिवसांच्या आत आणि २ तासांहून कमी खेळला असेल तर परतावा, हा नियम स्टीमच्या दुकानातल्या खरेदीला लागू आहे. की जिथून घेतली त्या विक्रेत्याकडेच पैसे मागा, आणि संदेशाचा स्क्रीनशॉट जोडा. ती पुन्हा पुन्हा टाकून पाहू नका, लागोपाठ चुकले की स्टीम काही वेळ की स्वीकारणंच थांबवतं. यापुढे गेमच्या प्रकाशकाने ज्यांना की दिल्या आहेत अशाच दुकानांतून घ्या. खुल्या बाजारात एकमेकांच्या की विकणाऱ्या साइटवर ती कुठून आली हे कळायला मार्ग नसतो.

प्रश्न: नको असलेला गेम यादीतून कसा काढू? (सातारा)

नजरेआड करायचा असेल तर राइट क्लिक, 'मॅनेज', 'हाइड धिस गेम'. तो पुन्हा 'व्ह्यू' मेनूतल्या 'हिडन गेम्स'मध्ये सापडतो. मित्रांना दिसू नये असं वाटत असेल तर 'मार्क ॲज प्रायव्हेट' करा. हे दोन्ही वेगळे आहेत. खात्यावरून कायमचा काढणं 'स्टीम सपोर्ट'मधून होतं, पण मग तो पुन्हा हवा असेल तर पैसे मोजावे लागू शकतात.

प्रश्न: लॅपटॉप फॉरमॅट करायचा आहे. गेम पुन्हा उतरवेन, पण सेव्ह राहतील ना? (छत्रपती संभाजीनगर)

प्रत्येक गेमचं वेगळं उत्तर आहे. दुकानातल्या पानावर 'स्टीम क्लाउड' लिहिलेलं असेल आणि 'प्रॉपर्टीज'च्या 'जनरल'मध्ये क्लाउड चालू असेल तर सेव्ह राहतील. तरी गेम बंद केल्यावर लगेच लॅपटॉप मिटू नका. लायब्ररीत त्या गेमच्या पानावर क्लाउडची स्थिती अद्ययावत दिसेपर्यंत थांबा.

क्लाउड नसलेल्या गेमचे सेव्ह हाताने शोधावे लागतात. आधी 'डॉक्युमेंट्स'मधलं 'माय गेम्स', मग 'सेव्हड गेम्स', मग 'ॲपडेटा'मधली 'लोकल', 'लोकललो' आणि 'रोमिंग' ही फोल्डर बघा. युनिटी या गेम इंजिनवर बनवलेले गेम बहुधा 'लोकललो' वापरतात. 'ॲपडेटा' लपवलेलं असतं, म्हणून एक्सप्लोररमध्ये 'हिडन आयटम्स' चालू करा. तिथलं गेमच्या किंवा कंपनीच्या नावाचं पूर्ण फोल्डर बाहेरच्या डिस्कवर घ्या.

नव्या विंडोजवर पहिल्यांदा गेम सुरू करताना क्लाउडमधली आणि लॅपटॉपवरची प्रत जुळत नाही असा संदेश आला तर घाईत काही दाबू नका. दोन्ही प्रतींसमोर तारीख आणि वेळ दिलेली असते. गेम एकदा उघडून नवा खेळ सुरू केला असेल तर लॅपटॉपवरची तारीख ताजी दिसते, पण त्यात फक्त सुरुवातीची पाच मिनिटं असतात. तेव्हा क्लाउडची प्रत निवडा. खात्री वाटत नसेल तर खिडकी रद्द करा, लॅपटॉपवरचं सेव्हचं फोल्डर कॉपी करून बाजूला ठेवा, आणि मग निवडा.