करवल्यांच्या मेकअपचा खर्च कोणी करावा?

प्रश्न: ताई, डिसेंबरमध्ये नाशिकला माझे लग्न आहे. वडील निवृत्त झाले आहेत, म्हणून कपडे, मेकअप आणि फोटो यांचा खर्च मी माझ्या पगारातून करायचे ठरवले. मेकअपसाठी एकूण ४५,००० रुपये बाजूला ठेवले होते. त्यांपैकी २८,००० रुपये लग्न आणि रिसेप्शन मिळून माझ्या स्वतःच्या मेकअपला जातील. धाकटी बहीण आणि चुलतबहीण करवल्या आहेत. चार मैत्रिणी पुण्याहून येणार आहेत. फोटो चांगले यावेत म्हणून त्यांना मी राणी रंगाची काठपदराची साडी आणि खोपा असा एकसारखा पेहराव सांगितला. आता माझीच ब्युटीशियन त्यांचाही मेकअप करील, असे त्यांनी गृहीत धरले आहे. त्यातच होणाऱ्या नणंदेचा निरोप आला की त्यांच्याकडच्या तिघींचेही तिथेच उरकून घेऊ. ब्युटीशियन साइडर मेकअपचे, म्हणजे वधूसोबतच्या इतर जणींच्या मेकअपचे, माणशी ३,५०० रुपये घेते. मुहूर्त सकाळी ११ वाजून ४० मिनिटांचा आहे. नाही म्हटले तर मैत्रिणींत मी कंजूष ठरेन आणि सासरी पहिल्याच दिवशी कटुता येईल. काय करू?

उत्तर: तुमच्या पत्रात पैशांची चणचण आहेच, पण त्याहून जास्त आहे ती नाही म्हणण्याची भीती; आणि ही भीती मनात ठेवून तुम्ही गप्प राहिलात, तर लग्नाच्या दिवशी ब्युटीशियनचे बिल हातात पडेपर्यंत कोणालाच काही कळणार नाही. तुमच्या मैत्रिणी लोभी आहेत असे मला वाटत नाही. कोण पैसे देणार हे त्यांना कोणी सांगितलेलेच नाही, म्हणून त्यांनी आपल्या सोयीचा अर्थ लावला आहे, आणि तुम्ही त्यांच्या जागी असता तर तुम्हीही बहुधा तोच लावला असता.

आधी हिशेब मांडू. दोन करवल्या, चार मैत्रिणी आणि सासरकडच्या तिघी अशा नऊ जणींचे ३,५०० रुपयांप्रमाणे ३१,५०० रुपये होतात आणि तुमच्याकडे उरले आहेत १७,०००. तुटीचे १४,५०० रुपये कर्ज काढून किंवा वडिलांच्या बचतीतून भरावेत, इतके हे काम मोठे नाही, हे मी अगदी स्पष्ट सांगते.

आता एक गोष्ट तुम्हाला कदाचित आवडणार नाही. साडीचा रंग तुम्ही ठरवला, काठपदर तुम्ही ठरवला आणि खोपाही तुम्हीच ठरवला. या मुली स्वतःच्या पैशांनी साडी घेणार, ब्लाउज शिवून घेणार, रजा टाकून प्रवास करणार आणि वर आहेरही आणणार. खोपा ही काही आरशासमोर उभे राहून स्वतःच्या हाताने घालता येण्याजोगी केशरचना नव्हे. तिला दुसऱ्याचा हात लागतो, आणि केस आखूड असतील तर गंगावनही लागते. म्हणून माझे मत असे आहे की जे तुम्ही मागितले आहे, म्हणजे खोपा आणि त्या साडीचे नीट नेसवणे, त्याचा खर्च तुम्ही करावा, आणि चेहऱ्याचा मेकअप ही ज्या त्या मैत्रिणीची हौस मानून तिच्यावर सोपवावी. तुम्हाला हा खर्चही जड वाटत असेल तर खोप्याचा आग्रह सोडून द्या आणि ‘साडी एका रंगाची असू दे, केस तुम्हाला आवडतील तसे बांधा’ असे मोकळेपणाने कळवा. एकसारखेपणा आपल्याला हवा आणि त्याचे पैसे मात्र मैत्रिणींनी द्यावेत, ही मांडणी न्याय्य नाही.

करवल्यांचे तसे नाही. मंगलाष्टका चालू असताना कऱ्हा आणि दिवा घेऊन तुमच्या मागे उभ्या राहणाऱ्या या दोघी घरच्या आहेत, विधीत त्यांना स्थान आहे, आणि करवलीला मानाची साडी देण्याची रीत अनेक घरांत आजही आहे. त्या दोघींचा पूर्ण मेकअप तुम्हीच करवून द्या. वराच्या मागे उभी राहणारी करवली म्हणजे बहुधा तुमची नणंदच असेल. तिचाही मेकअप तुमच्याकडून असावा, असे मी सुचवीन. हे दबावापुढे नमणे नव्हे. आपल्या बहिणींना जे दिले तेच तिला दिले, एवढाच त्याचा अर्थ होतो आणि तो तिच्यापर्यंत नक्की पोहोचेल.

राहिल्या सासरकडच्या आणखी दोघी. हे तुम्ही स्वतः नणंदेला सांगू नका आणि आईवडिलांच्या तोंडूनही सांगवू नका, कारण वधूपक्षाकडून आलेला नकार आपल्याकडे अजूनही मानपानाच्या तराजूत तोलला जातो. हे काम तुमच्या होणाऱ्या नवऱ्याचे आहे. त्यांना सगळे आकडे दाखवा आणि त्यांनी आपल्या बहिणीला सांगावे की तिचा मेकअप आपल्याकडे ठरला आहे, बाकीच्या दोघींना त्याच ब्युटीशियनकडून करून घ्यायचा असेल तर माणशी ३,५०० रुपये पडतील आणि तशी वेळ आधीच घेऊन ठेवावी लागेल. स्वतःच्या बहिणीशी एवढे बोलणे त्यांना अवघड वाटत असेल, तर तुम्हा दोघांना आपसांत बोलावे लागेल, आणि ते लग्नाआधी झालेले बरे.

पैशांपेक्षाही भक्कम कारण घड्याळात आहे. मुहूर्त ११ वाजून ४० मिनिटांचा; त्याआधी तुम्हाला गौरीहरापाशी पूजेला बसायचे आहे, म्हणजे दहाच्या सुमारास तुम्ही पूर्ण तयार असायला हव्यात. वधूचा मेकअप, केस, नऊवारी, दागिने आणि मुंडावळ्या यांना अडीच तास सहज लागतात, तेव्हा ब्युटीशियन साडेसातपासून तुमच्यातच गुंतलेली असणार. नऊ जणींचे काम तिच्या मदतनीस मुलीकडे आले आणि प्रत्येकीला पाऊण तास धरला, तर पावणेसात तास होतात. अकरापर्यंत सगळ्या तयार व्हायच्या तर पहिलीला पहाटे सव्वाचारला खुर्चीत बसावे लागेल. तिघींचा पूर्ण मेकअप आणि चौघींचे फक्त केस व साडी, प्रत्येकी अर्ध्या तासाचे, असे धरले तर तेच काम सव्वाचार तासांत होते आणि पावणेसातला सुरू करता येते. मैत्रिणींना आणि सासरी सांगताना हे कारण पुढे ठेवा. ते खरे आहे आणि त्याने कोणाचेही मन दुखावत नाही.

पैशांचेही मग जमते. तीन पूर्ण मेकअपचे १०,५०० रुपये झाले की ६,५०० उरतात. केस आणि साडी नेसवणे यांसाठी ब्युटीशियनकडे वेगळा दर विचारा आणि चौघींचे माणशी १,५०० रुपयांहून कमी दरात जमवता येते का, हे बोलून पाहा; एकाच ठिकाणी सात जणींचे काम मिळत असताना बहुतेक जणी थोडा दर कमी करतात. माणशी १,५०० ठरले तरी ६,००० होतात आणि गजऱ्यांपुरते ५०० शिल्लक राहतात. डिसेंबरमध्ये मोगरा महाग असतो, तेव्हा शेवंती किंवा गुलाबावर भागवा. राणी रंगाच्या साडीवर पांढरी शेवंती उठून दिसते.

मैत्रिणींना कळवताना चौघींना एकच निरोप, एकाच वेळी पाठवा. एकीला फोनवर एक आणि दुसरीला भेटीत दुसरे सांगितले की गैरसमज तिथूनच सुरू होतात. निरोप साधारण असा असू द्या: ‘तुमचा खोपा आणि साडी नेसवणे माझ्याकडून आहे. मेकअप तुम्ही स्वतः करून आलात तरी मला आनंदच आहे. ब्युटीशियनकडून करून घ्यायचा असेल तर तो ३,५०० रुपये आहे, पैसे तिलाच द्यायचे आहेत आणि येत्या रविवारपर्यंत मला सांगा, म्हणजे ती आणखी एक मुलगी सोबत आणील.’ यात माफी मागू नका आणि घरच्या अडचणींचा पाढाही वाचू नका. त्यांच्यापैकी एखादी मेकअप करतच नसेल, तर तिला फोटोंसाठी भरीस घालू नका. कोणाची त्वचा नाजूक असेल तर निदान एक दिवस आधी त्या प्रसाधनाचा थोडा अंश कानामागे लावून पाहायला सांगा.

ब्युटीशियनला एक गोष्ट मुद्दाम बजावा, आणि ती मला फार महत्त्वाची वाटते: प्रत्येकीचा बेस तिच्या स्वतःच्या रंगाशी जुळला पाहिजे. एखाद्या सावळ्या मुलीला उजळ करण्याच्या नादात तिचा चेहरा आणि मान वेगळ्या रंगांची झालेली आपण किती तरी लग्नांत पाहतो, आणि त्या मुलीला आयुष्यभर ते फोटो पाहावे लागतात. तुमच्या करवल्यांच्या बाबतीत हे होऊ देऊ नका.

शेवटी, सगळ्यात जास्त पैसे जातात ते ऐनवेळच्या मागण्यांत. खोलीत ब्युटीशियन दिसली की कोणी काकू, कोणी आत्या ‘माझेही जरा करून दे’ म्हणत बसतात, ती मुलगी संकोचाने नाही म्हणू शकत नाही आणि ते सगळे वधूच्या बिलात चढते. म्हणून आगाऊ रक्कम देतानाच सात जणींची नावे, प्रत्येकीचे काम आणि दर कागदावर लिहून त्याची प्रत तिला द्या. या यादीबाहेरच्या कामाचे पैसे ज्याने करून घेतले त्याच्याकडूनच घ्यायचे, हे त्यावर स्पष्ट लिहा. त्या सकाळी तुम्हाला यातले काही पाहता येणार नाही, तेव्हा यादी एखाद्या खमक्या मामेबहिणीच्या किंवा मावशीच्या ताब्यात द्या आणि खोलीच्या दाराशी तिलाच बसवा.