'पेमेंट हो गया है' म्हणतात तेव्हा

भाऊ, तुम्ही लिहिलंत की हिंदी मालिकांत कधी हवालदार, कधी नवरीचा मामा करता, दहा दिवसांचे पैसे अडकलेत आणि मालिका बनवणाऱ्या कंपनीचे ऑफिसवाले नुसतं 'पेमेंट हो गया है' म्हणतात. वाचलं आणि माझा २०१७चा हिवाळा आठवला.

वर्सोव्याच्या आरामनगरात ऑडिशनला कसं फिरायचं ते तुम्हाला मी काय सांगू. नव्वद दिवसांनी पैसे हा तर रिवाजच. पण 'हो गया है' हे वेगळं दुखणं आहे. एकच विचारतो, काम मिळवून देणाऱ्या को-ऑर्डिनेटरला ऑथॉरिटी लेटर, म्हणजे तुमचे पैसे त्याच्या हाती द्यायची परवानगी, दिलंय का?

मी दिलं होतं. नायगावच्या सेटवर रात्री पॅकअप झालं, ड्रेसदादा खाकी परत मागत उभा, माझा एक पाय पँटमध्ये, एक बाहेर, आणि को-ऑर्डिनेटरने कागद पुढे केला. 'तुम नागपूर आते-जाते रहते हो, चेक मैं उठा लूंगा.' भला माणूस वाटला. मेकअपच्या पेटीवर कागद ठेवून सही ठोकली. कोणती मालिका, किती दिवस, काहीच लिहिलेलं नव्हतं त्यावर.

दिवसाचे ३,५०० ठरले होते. काम केलं १७ दिवस. हातात पडले ११ दिवसांचे, टीडीएस, म्हणजे कंपनी आधीच कापते तो कर, वजा जाऊन ३४,६५०. को-ऑर्डिनेटर म्हणे, 'कंपनीने इतनाही दिया.' कमिशन तर मी आधीच वेगळं मोजलं होतं!

मग ऑफिसच्या चकरा. भेटायची वेळ फक्त गुरुवारी, तीन ते पाच. बुधवारी संध्याकाळी नागपूरहून विदर्भ एक्स्प्रेस पकडायची, सकाळी दादरला उतरायचं, तीनपर्यंत कुठेतरी बसून काढायचं. अकाउंट्सच्या मॅडम मान वर न करता 'आपका क्लिअर है' म्हणायच्या. रोजच्या कामाचं व्हाउचर दाखवा म्हटलं तर 'वो गोडाउन में गया'. असे तीन गुरुवार गेले राजेहो. त्यात मी पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टी नाटकांचा सीझनही सोडला होता. तिथं मला तरी नाटक संपलं की पहाटे पाकीट हातात मिळायचं. इकडे मात्र पडद्यावर दिसतो म्हणून मोहल्ल्यात मान, अन् खिशात खडखडाट.

शेवटी धरमपेठेतल्या मावसभावाने माझं २६एएस, म्हणजे आपल्या पॅनवर कोणी किती कर कापला ते दाखवणारं आयकर खात्याचं पत्रक, उघडून दाखवलं. डिसेंबरच्या तिमाहीचं टीडीएस रिटर्न कंपनीला ३१ जानेवारीपर्यंत भरावं लागतं, म्हणून फेब्रुवारीत नोंद दिसली. रक्कम ५९,५००, कर ५,९५०. म्हणजे कंपनीने पूर्ण १७ दिवसांचे सोडले होते, सहा दिवस मधल्यामध्ये जिरले. प्रिंट घेऊन चौथ्या गुरुवारी गेलो तर उत्तर मिळालं, 'वो आप दोनों का मैटर है.' आता चूक तरी कसं म्हणू? माझी सही होती त्यांच्याकडे. पण हेच पहिल्या गुरुवारी सांगता आलं नसतं? को-ऑर्डिनेटरकडून १८,९०० यायला हवे होते. ९,००० आले, तेही दोन तुकड्यांत. उत्पन्नच इतकं कमी की टीडीएस मात्र पूर्ण परत मिळाला.

तर आधी २६एएस बघा. रक्कम पूर्ण असेल अन् लेटर दिलं असेल, तर बहुधा कंपनीने पैसे सोडलेत; ऑफिसशी भांडण्याआधी मधल्या माणसाला धरा. नोंदच नसेल तर पैसे खरंच निघाले नसतील, रिटर्न अजून भरलं नसेल, रक्कम लहान म्हणून कर कापलाच नसेल, किंवा व्हाउचरवर पॅन चुकलं असेल. पॅनची दुरुस्ती कंपनीच करू शकते, तुम्ही नाही. लेटर दिलं असेल तर रद्द केल्याचा मेल कंपनीला आजच टाका. को-ऑर्डिनेटरला नंतर सांगा. कमिशन त्याचं त्याला द्या, पण चेक आपल्याच खात्यात. माझ्या मते यात भिडेला जागाच नाही, भले पुढचं काम गेलं तरी.

मी सीए नाही, वकीलही नाही, नियमही बदलत असतात. सिंटा, म्हणजे सिने-टीव्ही कलाकारांची संघटना, तिचं कार्ड मी नंतर काढलं. तेव्हा असतं तर तक्रार करायला एक दार तरी असतं. आणि रोज व्हाउचरचा फोटो काढा, ड्रेसदादा कितीही ओरडो.

२६एएसमधला आकडा इथं लिहा, बघू. पॅन लिहू नका.