बेट द्वारका, भेट द्वारका की द्वारका बेट?

बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या एका घरातून प्रश्न आला आहे. यात्रेचं ठरवताना मुलगी 'बेट द्वारका' म्हणते, आजी 'भेट द्वारका', आणि वडिलांच्या मते शुद्ध मराठीत 'द्वारका बेट'च हवं. खरं कोणाचं?

मुलीचं. वडिलांना खटकतो तो क्रम, आणि ते साहजिक आहे. 'बेट' हा शब्द मराठी-गुजरातीत एकच, अर्थही एकच. पीरम बेट, शियाळ बेट, नर्मदेच्या मुखातलं आलिया बेट, सगळीकडे तो मागेच येतो. पण इथे सांगायचं असतं ते दोनांपैकी कोणती द्वारका. जगतमंदिराची, म्हणजे द्वारकाधीशाच्या देवळाची, किनाऱ्यावरची ती गोमती द्वारका. ओख्यासमोर समुद्रातली ती बेट द्वारका. ही ओळखीची खूण आपण बहुधा मागे लावतो: चांदूर रेल्वे, चांदूर बाजार, पिंपळगाव बसवंत. म्हणून 'बेट' पुढे आलं की मराठी कानाला उलटं वाटतं. 'द्वारका बेट' हे वर्णन म्हणून चालेल, गावाचं नाव म्हणून नाही.

आजींची 'भेट' मात्र कथेतून आली आहे. सुदामा कृष्णाला इथे भेटला, त्यानं आणलेली भेट इथे दिली, असं भाविक सांगतात. (आपला सुदामा पोहे आणतो, गुजराती सुदामा तांदूळ!) कथा गोड आहे, पण व्युत्पत्ती म्हणून पटत नाही. जुन्या इंग्रजी कागदांत या जागेचं नाव 'बेट' किंवा 'शंखोद्धार' असं येतं. 'ब'चा 'भ' भक्तीनं केलेला दिसतो.

बडोदेकरांना हे नाव परकं नाही. दोन्ही द्वारका ज्यात येतात तो ओखामंडळ हा भाग 1949च्या विलीनीकरणापर्यंत गायकवाडांच्या राज्यात होता. ओखा बंदरही संस्थानानंच बांधलं, ते 1926मध्ये सुरू झालं. ओख्याहून होडीनं जायचं, म्हणून नुसतं 'बेट' म्हटलं तरी भागायचं. फेब्रुवारी 2024मध्ये सुदर्शन सेतू झाला, आता गाडी थेट जाते. नाव बदलायचं काही कारण नाही.

राहिली विभक्ती. गावाचं नाव म्हणून वापरताना 'नाशिकला' तसं 'बेटला गेलो'. जमिनीचा तुकडा मनात असेल तर 'बेटावर उतरलो'. पूर्ण नाव घेतलंत तर 'बेट द्वारकेला'. 'बेटा द्वारकेला' कोणी लिहू नये, नाहीतर वाचणाऱ्याला वाटेल मुलाला हाक मारली.